ओढ्याचें पाणी कसें मोजतात?

पावसाळ्यांत खडकवासल्याच्या धरणांतून मुठेंत पाणी सोडलें, कीं स्वारगेटच्या चौकांत 'इतके हजार क्युसेक' हे शब्द ज्याच्या त्याच्या तोंडीं असतात. पण क्युसेक म्हणजे काय, असें आम्हीं विचारून पाहिलें तेव्हां उत्तर देणारा विरळाच आढळला. एका ठिकाणावरून सेकंदास एक घनफूट, म्हणजे सुमारें २८ लिटर, पाणी पुढें जाणें यास एक क्युसेक म्हणतात. नदी व ओढा यांच्या या मापास विसर्ग अशी संज्ञा आहे.

विसर्ग काढण्याची रीत सोपी आहे. हिवाळ्यांत गांवाकडील एखाद्या उथळ ओढ्याच्या सरळ भागीं कांठानें १०० फूट अंतर मोजावें, पाण्यांत लाकडाचा तुकडा सोडावा व तो तें अंतर किती सेकंदांत कापतो तें पाहावें. समजा, ५० सेकंद लागले. तर पृष्ठभागाचा वेग सेकंदास २ फूट झाला. परंतु तळ व कांठ यांच्या घर्षणानें तेथील पाणी मागें रेंगाळतें. म्हणून या वेगाचे शेंकडा ८५ धरितात, म्हणजे १.७ फूट. ओढा १० फूट रुंद व सरासरी १ फूट खोल असल्यास छेदाचें क्षेत्रफळ १० चौरस फूट. गुणाकार १७ क्युसेक. पुरांत हा प्रयोग कोणीं करूं नये, हें सांगणें नलगे.

आतां स्वारगेटच्या पश्चिमेकडून वाहणाऱ्या आंबील ओढ्याकडे वळूं. कात्रजच्या डोंगरांत उगम पावून कात्रज तलाव, सहकारनगर, दांडेकर पूल असा येत तो मुठेस मिळतो. एरवीं त्याकडे कोणी ढुंकूनही पाहत नाहीं. परंतु २५ सप्टेंबर २०१९ च्या रात्रीं त्यानें कांठच्या वस्त्यांत शिरून अनेकांचे प्राण घेतले. एवढें पाणी आलें कोठून? एका एकरावर ताशीं एक इंच पाऊस पडून तो सर्व वाहूं लागला, तर जवळजवळ बरोबर १ क्युसेक होतो. एका चौरस मैलाचे एकर ६४०. तेव्हां तितकेच क्युसेक! माती असेल तेथें कांहीं पाणी मुरतें. काळा पाषाण, डांबर व फरशी यांवरून बहुतेक सर्व धांवत सुटतें. त्यांत भरावानें व बांधकामानें ओढ्याची रुंदी निम्मी केली, तर तितकेंच पाणी जाण्यास खोली किंवा वेग वाढलाच पाहिजे. खोली वाढली तर तें घरांत शिरतें, वेग वाढला तर भिंती पाडतें. आमच्या मतें हें गणित कांठीं राहणाऱ्या गरिबापेक्षां तेथें बांधकामास परवानगी देणाऱ्यास अधिक ठाऊक असावयास हवें.

स्वारगेटजवळून जाणाऱ्या मुठा उजव्या कालव्याची गोष्ट निराळी. त्याचा विसर्ग दरवाजांनीं ठरवितां येतो. तरीही २७ सप्टेंबर २०१८ रोजीं त्याची भिंत फुटून दांडेकर पुलाजवळच्या वस्तींत पाणी शिरलें होतें. आणि त्या दिवशीं पूर मुळींच आलेला नव्हता.