लेकींना घरी ठेवून घेणारा पक्षी



थंडीच्या दिवसांत बांधावरच्या घाणेरीच्या जाळीतून 'चक् चक्' असा आवाज येतो, पण पक्षी काही नजरेला पडत नाही. पडलाच तर मातकट रंगाचा, चिमणीहून लहान. तो बोरू वटवट्या. उत्तरेकडून हजारो किलोमीटर उडत आपल्याकडे येतो आणि उन्हाळ्यात परत जातो. आज आम्ही त्याच्या भावकीतल्या एका पक्ष्याची माहिती सांगणार आहोत. हा भाऊबंद मात्र शेजारच्या दीड किलोमीटरवरच्या बेटावरसुद्धा सहसा जात नाही.

मुंबईच्या किनाऱ्यापासून नैऋत्येला तीन हजारांहून जास्त किलोमीटरवर, हिंदी महासागरात सेशेल्स नावाचा छोटा देश आहे. शंभरावर बेटं आहेत त्याची. त्यातल्या कझिन नावाच्या बेटावर हा वटवट्या राहतो. हे बेट २९ हेक्टरांचं, म्हणजे सत्तर-बहात्तर एकर. आपल्याकडे एखाद्या मोठ्या भावकीची सगळी शेतं मिळून होतील एवढंच! १९६८ साली जगातले सगळे सेशेल्स वटवटे मोजले तर तिशीच्या आतच भरले, आणि ते सगळे या एकाच बेटावर होते.

असं का झालं? नारळामुळे. कोकणातल्या आमच्या मैत्रिणींना हे रुचायचं नाही. नारळ आपला कल्पवृक्ष, आम्हीही त्याच्या विरोधात नाही. पण तिथे खोबऱ्याच्या व्यापारासाठी मूळचं जंगल तोडून बेटंच्या बेटं माडांनी भरून टाकली. हा पक्षी खातो किडे, तेही बहुतेक झाडाच्या पानांच्या खालच्या बाजूला बसलेले. रुंद पानांची रानझाडं गेली, तसा त्याचा स्वयंपाकघराचा डबाच रिकामा झाला. शिवाय माणसांबरोबर होड्यांतून उंदीर आणि मांजरं इतर बेटांवर पोचली. कझिनवर ती नव्हती, म्हणून तिथल्या उरलेल्या झाडीत हे थोडे जीव टिकले.

त्याच वर्षी पक्षी-संरक्षणाच्या आंतरराष्ट्रीय परिषदेने हे बेट विकत घेतलं. पुढे केलेलं काम ऐकायला अगदी साधं आहे. नव्याने उगवणारी माडाची रोपं उपटत राहायची आणि रानझाडांना वाढू द्यायचं. पक्ष्याला हातही लावला नाही. झाडी परतली, किडे परतले, आणि १९८२च्या सुमारास वटवटे तीनशेच्या वर गेले. मग वाढ थांबली, कारण बेट भरलं. प्रत्येक जोडीचा झाडीतला आपला वाटा ठरलेला असतो, आणि आता एकही वाटा मोकळा नव्हता.

आम्हाला सगळ्यात नवल वाटलं ते इथून पुढचं. वाटा मिळत नाही म्हटल्यावर मोठी झालेली पिल्लं आईबापांच्याच वाट्यात राहू लागली. राहणाऱ्यांत बहुतेक लेकी. त्या नुसत्या बसून खात नाहीत. घरटं राखतात, अंडं उबवतात, धाकट्या भावंडाला किडे भरवतात. घरट्यात बहुधा एकच अंडं असतं आणि आपल्या सुगरणीच्या जातकुळीतला एक पक्षी ते फोडून खायला टपलेला असतो, त्यामुळे राखणीला फार महत्त्व. कधी कधी लेक आपलंही अंडं त्याच घरट्यात घालते.

हे सगळं जागेच्या अडचणीमुळेच आहे, की या पक्ष्याचा स्वभावच असा? याचं उत्तर १९८८ साली मिळालं. एका बेटावर सगळी जात ठेवणं धोक्याचं, म्हणून २९ पक्षी पकडून अरिद नावाच्या बेटावर सोडले. तिथे झाडी भरपूर, वाटे मोकळे. सुरुवातीला एकही लेक घरी थांबली नाही, सगळ्यांनी आपापले संसार थाटले. चांगले वाटे भरल्यावरच मदतनीस दिसू लागले. इकडे कझिनवर जोड्या उचलल्याने रिकामे झालेले वाटे काही तासांत भरले. पण एक गंमत पाहा. किडे भरपूर असलेल्या घरच्या लेकी कमी किड्यांच्या वाट्यात संसार करायला गेल्या नाहीत. त्या चांगल्या जागेची वाट बघत आईकडेच थांबल्या.

यान कोमडर या डच शास्त्रज्ञांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हा अभ्यास केला. १९९७ साली त्यांनी आणखी एक गोष्ट मांडली. जिथे किडे भरपूर, त्या वाट्यात दहा पिल्लांत आठ-नऊ माद्या निघत. जिथे किडे कमी, तिथे बहुतेक नर. कमी किड्यांच्या वाट्यातल्या जोड्या चांगल्या वाट्यात नेल्या, तर त्यांनाही मुली होऊ लागल्या. कारण सरळ आहे. खायला पुरेसं असेल तर घरी राहणारी लेक मदत ठरते. नसेल तर तीच भावंडांच्या वाट्याचे किडे संपवते. नर दूर निघून जातात. (हे पक्ष्यांचं आहे, बरं का. गटात यावरून सासूबाईंशी वाद घातलात तर आमचं नाव सांगू नका.)

म्हातारपणीही हे नातं दिसतं. वाट्याची मालकीण असलेल्या मादीची जागा दुसरीने, कधी तिच्याच लेकीने घेतली, तर काही म्हाताऱ्या माद्या तिथेच राहतात आणि नातवंडांना भरवतात.

अरिदनंतर १९९० मध्ये कझीन, २००४ मध्ये डेनिस आणि २०११ मध्ये फ्रिगेट या बेटांवर पक्षी नेले. पहिल्या कझिनशी नावात गोंधळ होतो, पण हे कझीन शेजारचं, तेच दीड किलोमीटरवरचं. आता पाच बेटांवर मिळून तीन हजारांच्या आसपास वटवटे आहेत.

धोका मात्र संपलेला नाही. उंदराची एक गाभण मादी होडीतून उतरली तरी पुरे. म्हणून कझिन बेटावर पाहुण्यांची होडी किनाऱ्याला लागू देत नाहीत. ती पाण्यातच थांबवतात, आणि बेटावरची माणसं आपली होडी नेऊन पाहुण्यांना घेऊन येतात.