अपील म्हणजे स्थगिती नव्हे

आरागिरण्यांच्या प्रकरणात महाराष्ट्राचे एक मंत्री आणि वनखात्याचे प्रधान सचिव यांचा माफीनामा नाकारून सर्वोच्च न्यायालयाने 2006 साली त्यांना महिनाभराची कैद का फर्मावली, याचा ऊहापोह या आठवड्यात करण्याचे मी कबूल केले होते. परंतु मध्यंतरी एका निवृत्त शिक्षकांचे पत्र आले, आणि त्यांचा प्रश्न इतका निकडीचा आहे की माफीनाम्याला आठ दिवस थांबणे भाग आहे.

निवृत्तिवेतनाची थकबाकी तीन महिन्यांत अदा करावी, असा उच्च न्यायालयाचा आदेश गुरुजींच्या बाजूने झाला. मुदत उलटून पाच महिने लोटल्यावर कार्यालयाकडून जे उत्तर आले, त्याची छायाप्रत माझ्यासमोर आहे : 'सदर आदेशाविरुद्ध अपील दाखल करण्याचा प्रस्ताव शासनस्तरावर विचाराधीन असल्याने आपली विनंती तूर्त मान्य करता येत नाही.' खाली सही, जावक क्रमांक आणि गोल शिक्का. अपिलाचा निकाल लागेपर्यंत थांबावे काय, असे गुरुजी विचारतात.

मुळीच थांबू नये. केवळ अपील दाखल झाल्याने हुकूमनाम्याची अंमलबजावणी तहकूब होत नाही, हे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या 41 व्या आदेशातील 5 व्या नियमात स्पष्ट लिहिलेले आहे, आणि रिट अर्जावरील आदेशांनाही हेच तत्त्व लागू पडते. वरिष्ठ न्यायालयाने स्थगिती दिली तरच आदेश थांबतो. अपिलासोबत स्थगितीचा अर्ज खरोखर प्रलंबित असेल, तर तो आधी ऐकून मगच अवमानाचे प्रकरण पुढे न्यावे, असे सर्वोच्च न्यायालयाने 1995 साली सांगितले आहे, आणि ते न्याय्यच आहे. पण येथे ना अर्ज आहे, ना अपील. आहे तो केवळ एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर फिरणारा प्रस्ताव. अशा प्रस्तावाच्या आधारे न्यायालयाचा हुकूम गुंडाळून ठेवणे ही माझ्या मते आपल्या कारभारातील सर्वांत रुळलेली अवज्ञा आहे.

हे उत्तर गुरुजींनी जिवापाड जपावे. दिवाणी अवमान सिद्ध होण्यास अवज्ञा बुद्धिपुरस्सर असावी लागते, आणि आदेश आमच्यापर्यंत पोहोचलाच नाही, ही कार्यालयांची ठरलेली सबब असते. आदेश मिळाला, वाचला आणि त्यावर विचार चालू आहे, अशी लेखी कबुली या शिक्क्याच्या कागदाने आपण होऊन दिली आहे.

मला खरी धास्ती वाटते ती निराळ्याच गोष्टीची. 1971 च्या न्यायालय अवमान अधिनियमाच्या 20 व्या कलमान्वये अवमान घडल्यापासून एक वर्ष उलटल्यावर कार्यवाही सुरू करता येत नाही. अर्ज वर्षाच्या आत दाखल झाला की पुरे, असा खुलासा पल्लव शेठ खटल्यात 2001 साली झाला. कार्यालयाच्या पत्रांवर विश्वास ठेवून सौजन्याने थांबणाऱ्या माणसाचे हे वर्ष केव्हा सरते, हे त्याला कळतही नाही. मग वसुलीचे अन्य मार्ग शोधावे लागतात आणि अवमानाचे शस्त्र हातचे जाते.

म्हणून गुरुजी, आदेशाची प्रमाणित प्रत आणि ती कार्यालयास मिळाल्याची पोच या उत्तरासोबत एकत्र ठेवा आणि याच आठवड्यात वकिलांना गाठा. तुमच्या हाती सात महिने उरले आहेत.