घाईच्या घटकेचा निर्णय

मृगाची पहिली सर पडून गेली आहे. मातीचा वास सुटला आहे, आणि बांधापलीकडील शेतांत शेजाऱ्याची तिफण चालूं लागली आहे. आपल्या घरीं बियाण्याचीं पोतीं तयार आहेत. तीं उसनवारीच्या पैशानें आणलेलीं आहेत. आकाशांत ढग आहेत, परंतु ते बरसतील कीं पांगतील हें कोणी सांगूं शकत नाहीं. अशा वेळीं शेतकऱ्याच्या मनांत जें चालतें त्यास विचार म्हणावें कीं घालमेल म्हणावें, हा प्रश्नच आहे. आज पेरावें, तर पावसानें ओढ दिल्यास बीं करपेल. न पेरावें, तर वाफसा निघून जाईल, आणि शेजाऱ्याचें शेत हिरवें झालें असतां आपलें काळें राहील. संध्याकाळपर्यंत बहुतेक गांव पेरणीस लागलेला असतो. पुढें पंधरा दिवस पावसानें दडी मारली म्हणजे तोच गांव दुबार पेरणीच्या बियाण्यासाठीं दारोदार हिंडूं लागतो.

या प्रसंगाचा दोष नेहमीं पावसाकडे दिला जातो, आणि तो पुष्कळ अंशीं खरा आहे. परंतु पावसाच्या जोडीला आणखी एक कारण असतें, आणि तें मात्र आपल्या हातांतलें आहे. घाईच्या घटकेस मनुष्याचें मन ज्या रीतीनें चालतें, ती रीत हें तें कारण होय. मानसशास्त्रानें या विषयाचा गेल्या पन्नास वर्षांत पुष्कळ शोध केला आहे. त्यांतील शेतकऱ्याच्या उपयोगी पडणारा भाग येथें थोडक्यांत मांडण्याचा हेतु आहे.

मन संकोचतें तें कसें

दडपण आलें म्हणजे मनुष्याची दृष्टि संकोचते. जी गोष्ट अगदीं डोळ्यांपुढें असेल तीच तेवढी मोठी दिसूं लागते, आणि बाकीच्या दिसेनाशा होतात. मृगाच्या दिवशीं शेजाऱ्याची तिफण दिसते. परंतु जमिनींत चार बोटें खालीं ओल पोंचली आहे कीं नाहीं, हें कुदळीच्या एका घावानें समजण्यासारखें असूनहि तो घाव घातला जात नाहीं.

दुसरी गोष्ट नुकसानीच्या भीतीची. डॅनियल काहनेमन व अमॉस ट्व्हर्स्की या दोन मानसशास्त्रज्ञांनीं सन १९७९ मध्यें असें प्रतिपादन केलें कीं, शंभर रुपये मिळाल्याचा मनुष्यास जेवढा आनंद होतो त्याहून शंभर रुपये गमावल्याचें दुःख अधिक होतें. आणि झालेलें नुकसान भरून काढण्याची आशा दिसली कीं, एरवीं सावध असणारा मनुष्यहि मोठा धोका पत्करावयास तयार होतो. पहिली पेरणी वाया गेल्यावर उरलासुरला पैसा एकाच डावांत लावण्याची बुद्धि होते ती याचमुळें.

तिसरी गोष्ट अनुकरणाची. चार लोक करितात तें आपण करावें, ही वृत्ति सर्वस्वीं वाईट नाहीं. पुष्कळदां तींत शहाणपणहि असतें. परंतु घाईच्या वेळीं शेजारी आपल्याकडे पाहून पेरतो आणि आपण शेजाऱ्याकडे पाहून पेरतों. जमिनीकडे मात्र दोघांपैकीं कोणीच पाहिलेलें नसतें.

तामिळनाडूंतील ऊस-उत्पादक

येथें कोणी म्हणेल कीं, हीं लक्षणें अडाण्याचीं आहेत. शहाण्याचें असें होत नाहीं. हा समज किती खरा आहे हें पाहण्यासारखा एक प्रयोग आपल्याच देशांत झालेला आहे. आनंदी मणी, सेंधिल मुल्लैनाथन, एल्डर शफीर व जियायिंग झाओ या चौघांचा एक निबंध सन २०१३ मध्यें ‘सायन्स’ या नियतकालिकांत प्रसिद्ध झाला. त्यांनीं तामिळनाडूंतील ५४ गांवांमधून ४६४ ऊस-उत्पादक शेतकरी निवडले. उसाचा पैसा वर्षांतून बहुधा एकदांच हातीं येतो. त्यामुळें तोडणीपूर्वीं हात तंग आणि पैसे मिळाल्यावर हात मोकळा, अशा एकाच मनुष्याच्या दोन अवस्था तेथें पाहतां आल्या.

दोन्ही वेळीं त्या शेतकऱ्यांची सारखीच परीक्षा घेण्यांत आली. एकींत आकृतींचा क्रम ओळखून रिकामी जागा भरावयाची होती. दुसरींत, ५ हा आंकडा तीनदां लिहिलेला असला तर ‘पांच’ असें न म्हणतां ‘तीन’ असें म्हणावयाचें होतें. म्हणजे जिभेवर आलेलें उत्तर आवरून खरें उत्तर द्यावयाचें होतें. तोडणीपूर्वीं या शेतकऱ्यांनीं आकृति कमी ओळखल्या, आंकड्यांत चुका अधिक केल्या आणि उत्तरास वेळहि अधिक घेतला. शेतकरी तोच, त्याचें शिक्षण तेंच, घराणें तेंच. बदललें होतें तें मनावरील ओझें. उधारी कोणाची द्यावयाची, दागिना कोणता गहाण ठेवावयाचा, या विवंचनेंत जें मन गुंतलें आहे त्यास दुसऱ्या कामासाठीं पुरेसा अवकाशच उरत नाहीं, असा त्या विद्वानांचा निष्कर्ष आहे.

वाचकांनीं हेंहि ध्यानांत घ्यावें कीं, या निष्कर्षाविषयीं सर्वांचें एकमत नाहीं. कार्व्हालो, मायर व वांग यांनीं अमेरिकेंतील अल्प उत्पन्नाच्या लोकांची पगारापूर्वीं व पगारानंतर परीक्षा घेतली. सन २०१६ मध्यें प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या निबंधाप्रमाणें बुद्धीच्या परीक्षेंत फरक आढळला नाहीं. मात्र पैशाच्या निवडींत, पुढें मिळणाऱ्या अधिक रकमेपेक्षां लवकर मिळणाऱ्या थोड्या रकमेकडे लोकांचा ओढा पगारापूर्वीं अधिक दिसला. बुद्धि मंदावते किंवा नाहीं हा वाद विद्वानांनीं चालवावा. हात तंग असतां आजचा दिवस फार मोठा दिसतो आणि पुढचा हंगाम फार लहान दिसतो, एवढें तरी आपल्या अनुभवास पटण्यासारखें आहे. खळ्यावरचा माल पडत्या भावानें त्याच आठवड्यांत बाजारांत नेणाऱ्या शेतकऱ्यास हें कोणी शिकवावयास नको.

अनुभव कोठें उपयोगी पडतो

मग घाईच्या वेळीं अनुभवी मनुष्याचें मन योग्य तेंच सांगेल, असा भरंवसा ठेवावा काय? गॅरी क्लाइन या अमेरिकन मानसशास्त्रज्ञानें आग विझविणाऱ्या पथकांच्या नायकांचा अभ्यास केला. आगीपुढें उभे असतां ते बहुधा दोन-चार उपायांची तुलना करीत बसत नाहींत. पूर्वीं पाहिलेल्या आगींवरून ते प्रसंग ओळखतात, जो पहिला उपाय सुचेल तो मनांतल्या मनांत चालवून पाहतात, आणि अंमलांत आणतात. त्यांचा अंदाज पुष्कळदां बरोबर येतो.

परंतु अंतःप्रेरणेवर विसंबावयाचें तर त्यास दोन अटी आहेत, असें काहनेमन व क्लाइन या दोघांनीं मिळून सन २००९ मध्यें लिहिलें. ज्या गोष्टीविषयीं निर्णय घ्यावयाचा ती नियमानें चालणारी असली पाहिजे, आणि आपला अंदाज बरोबर होता कीं चूक हें शिकण्याची संधि वारंवार मिळाली पाहिजे. या कसोटीवर आपलीं कामें लावून पहावीं. बैलानें वैरण टाकली तर त्याचें काय बिघडलें आहे, हें जुन्या शेतकऱ्यास गोठ्यांत पाऊल टाकतांच समजतें. कारण तो बैलास रोज पाहत असतो. पेरणीची गोष्ट तशी नाहीं. चाळीस वर्षें शेती केलेल्या मनुष्यानें मृगाच्या पेरण्या चाळीसच पाहिलेल्या असतात, आणि प्रत्येकीचें फळ पाऊस, बियाणें, कीड व बाजार या चौघांनीं मिळून ठरविलेलें असतें. म्हणून गोठ्यांत मनाचा कौल ऐकावा; पेरणीच्या व विक्रीच्या दिवशीं त्यास कांहीं तरी मापाची जोड द्यावी.

एका वणव्याचा धडा

ज्या प्रसंगीं पूर्वानुभव नसतो, तेथें काय होतें याचें एक उदाहरण शेतीबाहेरचें असलें तरी सांगण्यासारखें आहे. अमेरिकेच्या माँटाना प्रांतांतील मान गल्च या दरींत ता. ५ ऑगस्ट १९४९ रोजीं वणवा पेटला. विमानांतून हवाई छत्रीनें उतरलेले लोक व तेथील एक पहारेकरी मिळून सोळा जण तो विझविण्यास गेले. वणवा अचानक उलटून वाळलेल्या गवतांतून त्यांच्या पाठीं लागला, तेव्हां सर्वजण चढणीनें पळूं लागले. पथकाचा नायक वॅग्नर डॉज यानें मात्र थांबून काडी ओढली, समोरचें गवत स्वतःच पेटविलें, आणि जळून गेलेल्या राखेंत तो पालथा पडला. आपल्या लोकांसहि त्यानें तेथें येण्यास सांगितलें. मागून आग येत असतां पुढें आग लावणारा हा नायक काय करितो आहे, हें त्यांस उमगलें नाहीं; ते पुढें धांवत गेले. डॉज वांचला, दोघे कड्याच्या फटींतून निसटले, आणि तेरा जणांचा अंत झाला.

डॉजचा उपाय बरोबर होता, तरी तो त्याच्या सोबत्यांच्या कामीं आला नाहीं. कारण त्याविषयीं त्यांच्यांत आधीं कधीं बोलणेंच झालेलें नव्हतें. अशा दुर्घटनांवरून धडा घेऊन पुढें सन १९५७ मध्यें तेथील वनखात्यानें वणव्याच्या वेळीं पाळावयाचे दहा नियम लिहून काढले. संकटाच्या वेळीं नवी गोष्ट सांगून ती दुसऱ्यास पटत नाहीं. ती स्वस्थपणीं सांगून ठेवावी लागते. घरांतहि हाच न्याय लागू आहे.

ठरवावें स्वस्थपणीं, करावें वेळेवर

यावरून एकच नियम निघतो. घाईच्या दिवसाचा निर्णय घाईच्या दिवशीं घेऊं नये. तो आधीं स्वस्थ चित्तानें घेऊन लिहून ठेवावा, आणि घाईच्या दिवशीं फक्त अंमलांत आणावा. आफ्रिकेंतील केनिया देशाच्या पश्चिम भागांत एस्थर डुफ्लो, मायकेल क्रेमर व जोनाथन रॉबिन्सन यांनीं याचा प्रत्यय घेतला. त्यांचा निबंध सन २०११ मध्यें प्रसिद्ध झाला. पुढच्या हंगामाचें खत सुगींतच, हातांत पैसा असतांना, विकत घ्या, म्हणजे तें घरपोंच फुकट आणून देऊं, असें तेथील शेतकऱ्यांस सांगितलें, तेव्हां खत वापरणारांची संख्या चांगली वाढली. खत घालण्याच्या वेळीं घरपोंच देण्याची तीच सवलत दिली, तर तिचा तसा उपयोग झाला नाहीं. सवलत एकच, फरक फक्त वेळेचा.

आपल्याकडे हा नियम कसा लावतां येईल याचे चार प्रकार सुचवितों.

पहिला पेरणीचा. धूळपेरणीची रीत जेथें पूर्वापार आहे ती गोष्ट निराळी. एरवीं ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस झाल्यावांचून खरीप पेरूं नये, अशी आपल्या राज्याच्या कृषि विभागाची शिफारस आहे. पर्जन्यमापक नसल्यास सपाट बुडाचा व सरळ उभ्या कडेचा डबा उघड्या जागीं ठेवावा, रोज सकाळीं त्यांतील पाणी पट्टीनें मोजून लिहावें, आणि डबा रिकामा करावा. बेरीज ठरल्या आंकड्यास पोंचली व कुदळीनें पाहतां ओल खोल आढळली, म्हणजे तिफण जुंपावी. शेजारी कधीं पेरतो हा आंकडा वहींत नसावा.

दुसरा बियाण्याचा. मे महिन्यांतच शंभर दाणे मोजून ओल्या गोणपाटांत गुंडाळून ठेवावे व किती उगवतात तें पहावें. सोयाबीनचे सत्तर किंवा अधिक उगवले तर बियाणें पेरण्यालायक समजावें. पाऊस लांबल्यास मूग-उडीद कोणत्या तारखेनंतर सोडावयाचे आणि बाजरी, तूर किंवा सूर्यफूल यांकडे केव्हां वळावयाचें, हेंहि तेव्हांच लिहून ठेवावें.

तिसरा विक्रीचा. किती माल सुगींत विकावयाचा व किती ठेवावयाचा, हें पीक उभें असतांनाच ठरवावें. पैशाची नड असल्यास राज्य कृषि पणन मंडळाची शेतमाल तारण योजना सन १९९०-९१ पासून चालू आहे. ती राबविणाऱ्या बाजार समितीच्या गोदामांत सोयाबीन, तूर इत्यादि माल ठेवल्यास किंमतीच्या ७५ टक्क्यांपर्यंत रक्कम सालीना ६ टक्के व्याजानें सहा महिन्यांसाठीं मिळते. भाव चढेलच अशी हमी कोणी देऊं शकत नाहीं. म्हणून सर्व माल न अडकवितां वांटणी करावी.

चौथा कर्जाचा. ठरलेल्या बेतांत नसलेलें कर्ज काढण्यापूर्वीं एक रात्र मध्यें जाऊं द्यावी, आणि घरधनिणीस विचारल्यावांचून अंगठा किंवा सही करूं नये. घरांत पैसा किती आहे आणि दाणे किती आहेत, हें तिला बहुधा आपल्याहून अधिक ठाऊक असतें. वरील तिन्ही बेत तिच्यापुढें व कर्त्या मुलांपुढें आधींच वाचून दाखवावे, म्हणजे आयत्या वेळीं घरांत ओढाताण होणार नाहीं.

संस्थेचें कर्तव्य

मनाची शिस्त हा सर्व दुःखांवरील तोडगा नव्हे. ज्याच्या घरीं उद्यांचे दाणे नाहींत त्यास ‘थांब’ म्हणणें सोपें आहे. त्याला थांबतां येईल अशी तजवीज करणें हें खरें काम आहे. म्हणून पीककर्ज मृगानंतर नव्हे तर मृगापूर्वीं हातीं पडेल, बियाण्याची मागणी सुगींतच नोंदविली जाईल, आणि गांवाच्या चावडीवर रोजच्या पावसाचा आंकडा लिहिला जाईल, इतकें तरी आपल्यासारख्या संस्थांनीं करावें. चावडीवर आंकडा दिसूं लागला म्हणजे लोक एकमेकांच्या तिफणीकडे पाहण्याऐवजीं त्याच्याकडे पाहूं लागतील.

पाऊस आपल्या स्वाधीन नाहीं, आणि बाजारहि नाहीं. पहिली सर पडावयाच्या आधीं जी निवांत संध्याकाळ मिळते ती मात्र आपल्या स्वाधीन आहे. त्या संध्याकाळीं दिव्याजवळ बसून वहींत चार ओळी लिहिण्यास पैसा लागत नाहीं. या मृगापूर्वीं प्रत्येक सभासदानें तेवढें करून पहावें, अशी विनंति आहे.