टेनिस-सम्राज्ञी हेलन विल्स

लॉन टेनिस हा खेळ आमच्या वाचकांपैकी फार थोड्यांनी प्रत्यक्ष खेळला असेल. खो-खोला शाळेचे मैदान पुरते, लंगडीला तर घराचे अंगणही पुरते. टेनिसला मात्र आखलेले पटांगण, मधोमध ताणलेले जाळे, तातीने विणलेली रॅकेट आणि हे सारे परवडेल इतका पैसा लागतो. तरीही या खेळातील एका स्त्रीचे चरित्र आम्ही वाचकांपुढे मांडीत आहोत, ते तिने मिळविलेल्या चषकांची मोजदाद करण्यासाठी नव्हे. दोन महायुद्धांच्या दरम्यानच्या काळात जिला हरविणे जवळजवळ अशक्य मानले जाई, त्या हेलन विल्सने एकदा ऐन अंतिम सामन्यात, पिछाडीवर असताना, मैदान सोडले. हरणाऱ्याला जग लवकर क्षमा करते. सोडून जाणाऱ्याला करीत नाही. तिने केले ते योग्य की अयोग्य, याचा निवाडा करण्यापूर्वी तिची कारकीर्द पाहणे अवश्य आहे.

हेलनचा जन्म ६ ऑक्टोबर १९०५ रोजी अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्यात झाला. वडील शस्त्रवैद्य होते व तिच्या हाती प्रथम रॅकेट त्यांनीच दिली. पुढे हे कुटुंब बर्कली या गावी राहू लागले. हेलनच्या चौदाव्या वाढदिवशी तेथील टेनिस क्लबचे सभासदत्व तिला भेट मिळाले. दागिना नव्हे की रेशमी वस्त्र नव्हे! विल्यम फुलर या मार्गदर्शकाच्या देखरेखीखाली तिचा सराव सुरू झाला. मुलींबरोबर खेळून तिचे समाधान होईना, म्हणून ती पुरुषांशी खेळे. त्यांच्या जोरकस फटक्यांना तितक्याच जोराने उत्तर देण्याची सवय तिच्या मनगटाला लागली ती तेव्हापासून.

१९२३ साली, वयाच्या सतराव्या वर्षी, तिने अमेरिकेचे अजिंक्यपद मिळविले. अंतिम सामन्यात तिच्यापुढे मोला मॅलरी ही कसलेली खेळाडू होती. तिला हेलनने ६-२, ६-१ असे सहज नमविले. ज्या वाचकांना हे आकडे अपरिचित असतील त्यांच्यासाठी थोडा खुलासा करतो. टेनिसच्या सामन्याचे भाग म्हणजे 'सेट', आणि सेटचे भाग म्हणजे 'गेम'. जी खेळाडू प्रथम सहा गेम जिंकील तिने तो सेट जिंकला. मात्र आघाडी निदान दोन गेमची हवी. त्यामुळे त्या काळी सेट कधी ८-६ तर कधी १०-८ असाही लांबे. स्त्रियांच्या सामन्यात तीनपैकी दोन सेट जिंकणारी विजयी होते.

पुढच्याच वर्षी विम्बल्डनच्या अंतिम सामन्यात ती इंग्लंडच्या किटी मॅक्केनकडून पहिला सेट जिंकूनही हरली; पण त्याच उन्हाळ्यात पॅरिसच्या ऑलिम्पिकमध्ये एकेरी व दुहेरी अशी दोन्ही सुवर्णपदके तिने घेतली.

तिचा खेळ कसा होता? साधा. पांढरा पोशाख, डोळ्यांवर ऊन येऊ नये म्हणून कपाळावर पांढरी झडप, आणि पटांगणाच्या पिछाडीस उभे राहून एकामागून एक खोल, जड फटके. धावण्यात ती फार चपळ नव्हती. पण प्रतिस्पर्ध्यालाच इतके धावावे लागे की हा उणेपणा क्वचितच उघडा पडे. लोकांना खटके ती तिची मुद्रा. पॉइंट मिळो वा जावो, चेहऱ्यावर रेषा हलत नसे. पत्त्यांच्या पोकर नावाच्या खेळात हातातील पाने प्रतिपक्षास कळू नयेत म्हणून चेहरा निर्विकार ठेवतात. त्यावरून वर्तमानपत्रांनी तिला 'पोकरमुखी' असे नाव ठेवले. चेंडू जाळ्यापलीकडे घालवणे याखेरीज दुसरा विचार खेळताना आपल्या मनात नसे, असे तिचे म्हणणे. आम्हांला तर वाटते की, हाच गुण पुरुष खेळाडूच्या ठिकाणी असता तर त्याला धीरोदात्त म्हटले असते. तरुण मुलीने हसले पाहिजे, ही अपेक्षा मैदानावरही तिची पाठ सोडीत नव्हती.

या अबोल मुलीच्या अगदी उलट स्वभावाची खेळाडू म्हणजे फ्रान्सची सुझान लेंग्लेन. तिच्या उड्या, तिचे रुसणे, तिचे अश्रू हे सारे प्रेक्षक डोळे भरून पाहत. १९१९ पासून एकेरीत ती एकदाच हरली होती, आणि तेही चमत्कारिक रीतीने. १९२१ साली अमेरिकेत मोला मॅलरीविरुद्ध पहिला सेट गेल्यावर खोकत व रडत तिने दुसऱ्या सेटच्या आरंभीच सामना सोडला. प्रकृती खरोखर बिघडली होती की पराभव दिसू लागला म्हणून ती निघाली, यावर पुष्कळ शाई खर्ची पडली. वाचकांनी ही गोष्ट ध्यानात ठेवावी.

हेलन आणि सुझान यांची एकेरीत गाठ एकदाच पडली. १६ फेब्रुवारी १९२६ रोजी फ्रान्समधील कान या समुद्रकाठच्या शहरी झालेला तो सामना पाहण्यास स्वीडनचे राजे आले होते, आणि ज्यांना तिकीट मिळाले नाही ते आसपासच्या छपरांवर व झाडांवर चढून बसले होते. पहिला सेट सुझानने ६-३ असा घेतला. दुसऱ्यात ती ६-५ अशी पुढे असताना हेलनचा एक चेंडू रेषेजवळ पडला आणि 'बाद' असा आवाज उठला. सामना संपला असे समजून दोघींनी हस्तांदोलन केले. फुलांचे गुच्छही आले. एवढ्यात रेषेवरील पंचाने येऊन सांगितले की, चेंडू चांगला होता, 'बाद' असे ओरडले ते गर्दीतले कोणीतरी. खेळ पुन्हा सुरू झाला. हेलनने तो गेम जिंकून बरोबरी साधली. पण अखेर सुझानने ८-६ असा सेट व सामना जिंकला. त्याच वर्षी हेलनवर आंत्रपुच्छाची शस्त्रक्रिया झाली व सुझान धंदेवाईक खेळाकडे वळली. त्यामुळे पुन्हा भेट झाली नाही.

यानंतरचा काळ मात्र एकट्या हेलनचा. १९२७ च्या उन्हाळ्यापासून १९३२ अखेरपर्यंत एकेरीत तिने सामना तर राहोच, एक सेटदेखील गमावला नाही. सहा-सहा महिने नव्हे, पाच वर्षांहून अधिक काळ! विम्बल्डन, पॅरिस, न्यूयॉर्क येथील अजिंक्यपदे ती जणू फेरीने गोळा करीत होती. याच काळात तिने चित्रकलेचा अभ्यास केला, टेनिसवर पुस्तक लिहिले व त्यातील चित्रेही स्वतःच काढली. १९२९ च्या डिसेंबरात विवाह होऊन ती मिसेस मूडी झाली.

हेलन जेकब्ज ही तिची खरी प्रतिस्पर्धी. योगायोग असा की दोघींचे नाव एक, गाव एक, क्लब एक आणि मार्गदर्शकही एकच. इतकेच काय, विल्स कुटुंब ज्या घरात पूर्वी राहत असे त्याच घरात पुढे जेकब्ज कुटुंब राहावयास आले. जेकब्ज तीन वर्षांनी लहान. मोठ्या बहिणीची वह्या-पुस्तके धाकटीने वापरावी तसे हे झाले. आणि धाकटीच्या वाट्याला पराभवच पराभव आले. १९२८ पासून अंतिम सामन्यांत ती पुन्हा पुन्हा मिसेस मूडीसमोर उभी राही आणि पुन्हा पुन्हा हरे.

२६ ऑगस्ट १९३३. न्यूयॉर्कजवळील फॉरेस्ट हिल्स येथे अमेरिकन अजिंक्यपदाचा अंतिम सामना. मिसेस मूडीची पाठ त्या उन्हाळ्यात दुखावलेली होती. त्याच महिन्यात इंग्लंडविरुद्धच्या वाइटमन चषकाच्या लढतीतून तिने त्यामुळेच अंग काढून घेतले होते. उपांत्य सामन्यातही इंग्लंडच्या बेटी नथॉलने तिच्याकडून एक सेट घेतला होता. अंतिम सामन्यात जेकब्जने पहिला सेट ८-६ असा जिंकला, दुसरा मूडीने ६-३ असा घेतला. तिसऱ्यात जेकब्ज ३-० अशी पुढे गेली. तेव्हा मिसेस मूडी पंचाच्या उंच खुर्चीपाशी गेली, आपल्याला पुढे खेळता येत नाही असे तिने सांगितले, अंगात कोट घातला आणि ती चालू लागली. जेकब्जने जवळ जाऊन, थोडी विश्रांती घेतेस का, असे विचारल्याचे त्या दिवसाच्या वृत्तांतांत आहे. तिने नकार दिला.

पाठ व कंबर असह्य दुखत होती, उजवा पाय बधिर झाला होता, आपण तेथेच कोसळलो असतो, असे नंतर तिने निवेदन केले. सामन्याचा शेवट आपल्यामुळे बिघडला याबद्दल खेदही व्यक्त केला. पण लोकांना ते पटले नाही. वर्षानुवर्षे जिच्या चेहऱ्यावर वेदना कधी दिसली नाही, तिची वेदना आता कोण खरी मानणार? तिच्या अबोलपणाचे मोल तिला असे एकदम चुकवावे लागले.

आमचे मत विचाराल तर, दुखणे खरे होते याविषयी आम्हांला शंका नाही. नंतर तिला दीर्घकाळ उपचार घ्यावे लागले आणि १९३४ चे सबंध वर्ष ती खेळू शकली नाही. पण जेकब्जची बाजूही सोडता येत नाही. इतकी वर्षे हरल्यावर विजय तीन गेमच्या अंतरावर आला असता तो पुरा करण्याचे समाधान तिच्या हातून गेले. तिला अजिंक्यपद मिळाले, पण शेवटचा पॉइंट मिळाला नाही.

जाता जाता सांगावयास हरकत नाही की, मिसेस मूडीविना झालेल्या त्याच १९३४ च्या विम्बल्डनमध्ये मुंबईच्या लीला राव यांनी एक सामना जिंकला. तेथे सामना जिंकणाऱ्या त्या पहिल्या भारतीय महिला. संस्कृत ग्रंथकर्त्या पंडिता क्षमाबाई राव या त्यांच्या मातुःश्री.

१९३५ साली मिसेस मूडी परत आली. आरंभी इंग्लंडमधील एका स्पर्धेत के स्टॅमर्स या तरुणीकडून ती हरलीही. तरी विम्बल्डनच्या अंतिम सामन्यापर्यंत ती पोहोचली, आणि समोर पुन्हा जेकब्ज! एक-एक सेट झाल्यावर तिसऱ्यात जेकब्ज ५-२ अशी पुढे गेली. पुढे तर विजय तिच्यापासून एकाच पॉइंटवर होता. मिसेस मूडीने चेंडू उंच उडवला. जेकब्ज जाळ्यापाशी उभी होती. वरून चेंडू हाणून टाकणे एवढेच काम उरले होते. पण वाऱ्याने चेंडूची वाट किंचित बदलली, फटका चुकला आणि चेंडू जाळ्यात अडकला. त्यानंतर एकही गेम न देता मिसेस मूडीने ७-५ असा सेट जिंकला. या वेळी ती मैदान सोडून गेली नाही, हे पाहणाऱ्यांच्या ध्यानात आल्यावाचून कसे राहील?

दोघींची शेवटची मोठी गाठ १९३८ च्या विम्बल्डन-अंतिम सामन्यात पडली. पहिला सेट ४-४ असा चालू असता जेकब्जचा आधीच दुखावलेला पाय पुन्हा दुखावला. ती लंगडू लागली. खेळ थांबविण्यास तिला सांगण्यात आले, पण तिने ऐकले नाही. ६-४, ६-० असा पराभव तिने अखेरच्या चेंडूपर्यंत खेळून घेतला. पलीकडे मिसेस मूडी नेहमीच्याच निर्विकार चेहऱ्याने आपले खोल फटके मारीत राहिली. तिचे हे विम्बल्डनचे आठवे एकेरी अजिंक्यपद. तिकडे पॅरिसमध्ये सुझान लेंग्लेन आजारी होती. थोड्याच दिवसांत, ४ जुलै १९३८ रोजी, तिचे निधन झाले.

आठ विजयांचा हा विक्रम १९९० पर्यंत, मार्टिना नवरातिलोव्हाने नववे अजिंक्यपद मिळवीपर्यंत, अबाधित राहिला. अमेरिकेतील सात व फ्रान्समधील चार अजिंक्यपदे त्यात मिळविली की एकूण एकोणीस होतात. जेकब्ज दुसऱ्या महायुद्धात अमेरिकन नौदलात अधिकारी झाली व १९९७ च्या जूनमध्ये वारली. हेलन विल्स १ जानेवारी १९९८ रोजी, वयाच्या ९२ व्या वर्षी, कॅलिफोर्नियातील कार्मेल येथे निवर्तली. आपल्या संपत्तीतून सुमारे एक कोटी डॉलर तिने बर्कलीच्या विद्यापीठास मेंदू व मज्जासंस्थेच्या संशोधनासाठी ठेवले. सॅन फ्रान्सिस्कोतील जुन्या शेअर बाजाराच्या इमारतीत मेक्सिकोचा चित्रकार दिएगो रिव्हेरा याने १९३१ साली काढलेले एक प्रचंड भित्तिचित्र आहे. त्यात फळे, खनिजे व कामकरी यांना दोन्ही हातांनी कवेत घेणारी कॅलिफोर्निया-देवता दाखविली आहे. त्या देवतेच्या चेहऱ्यासाठी चित्रकारासमोर बसली होती ती हेलन. तेथेही ती हसत नाही.