शोधक बुद्धीचे शिक्षण

‘संशोधन’ हा शब्द कानी पडताच सामान्य माणसाच्या डोळ्यांपुढे प्रयोगशाळा, दुर्बिणी, जीर्ण पोथ्या आणि पदवीसाठी लिहिलेले जाडजूड प्रबंध उभे राहतात. बारा वर्षांच्या शाळकरी मुलाचा या साऱ्याशी काही संबंध असेल असे त्यास वाटत नाही. परंतु या शब्दाचे मूळ पाहिले की हा समज डळमळू लागतो. ‘शोध’ आणि ‘संशोधन’ हे दोन्ही शब्द ‘शुध्’ या एकाच संस्कृत धातूपासून आलेले आहेत. शुद्ध करणे, तपासून घेणे, हिणकसातून चोख वेगळे काढणे हा त्यांचा मूळ अर्थ. सुपात तांदूळ घेऊन खडे निवडणारी गृहिणीही या अर्थाने शोधनच करीत असते. हे काम लहान मुलालाही करता येते. शाळा त्याला ते करू देते काय, एवढाच प्रश्न आहे.

या प्रश्नाचे उत्तर पाहावयाचे असेल, तर विज्ञानाची प्रयोगवही उघडून पाहावी. हेतू, साहित्य, कृती, निरीक्षण, अनुमान अशी तिची ठरलेली मांडणी असते. समजा, पुण्यातील एका शाळेत मुले पाणी उकळून तापमापकावरील आकडा वाचीत आहेत. पुस्तकात लिहिलेले असते की, पाणी १०० अंश सेल्सिअसला उकळते. पुणे समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटरांहून थोडे अधिक उंचीवर आहे. तेथे हवेचा दाब कमी असल्याने पाणी सुमारे ९८ अंशांवरच उकळू लागते. म्हणजे तापमापक नीट असेल आणि मुलाची नजर चोख असेल, तर त्याला ९८ हा आकडा दिसावयास हवा. तो दिसतोही. मात्र वहीत तो १०० लिहितो. कारण १०० हे ‘बरोबर’ उत्तर आहे आणि गुण बरोबर उत्तराला मिळतात.

या क्षणी त्या मुलाच्या हातून दोन गोष्टी निसटतात. एक म्हणजे ज्ञान. महाबळेश्वरला पाणी सुमारे साडेपंचाण्णव अंशांवर का उकळते, शिमल्यात ते ९३ च्या आसपासच का उकळते आणि उंच डोंगरावर डाळ शिजावयास वेळ का लागतो, या साऱ्या प्रश्नांचे दार त्या न जुळणाऱ्या आकड्यात होते. दुसरी गोष्ट अधिक मोलाची. डोळ्यांनी पाहिले ते नाकारून, मान्यवरांनी सांगितले ते आपणच पाहिले असे लिहावयाची सवय त्याला लागते. खोटे लिहिणे हा येथे अपराध ठरत नाही. ती परीक्षेची रीत ठरते. शोधक बुद्धीच्या शिक्षणाचा आरंभ म्हणूनच उपकरणांपासून होत नाही. वहीत ९८ लिहिणाऱ्या मुलाचे गुण कापले जाणार नाहीत, या अभयापासून तो होतो.

हे अभय मिळाल्यावर शिकवावयाचे काय? संशोधनाची कौशल्ये पुष्कळ सांगता येतील. पण शाळेच्या दृष्टीने चार पुरेशी आहेत. तपासता येईल असा प्रश्न विचारणे, न्याय्य तुलना करणे, प्रामाणिक नोंद ठेवणे आणि निष्कर्षावर स्वतःच आक्षेप घेणे.

‘बी का उगवते?’ हा प्रश्न मोठा आहे, पण वर्गात त्याचे काहीच करता येत नाही. ‘भिजवून पेरलेला हरभरा कोरड्या हरभऱ्यापेक्षा लवकर उगवतो काय?’ हा प्रश्न त्या मानाने साधा. परंतु त्याचे उत्तर मुले आठवड्याभरात स्वतः मिळवू शकतात. मोठ्या प्रश्नातून असा लहान प्रश्न काढणे हे पहिले कौशल्य. पुढे तुलना येते. तीन कुंड्या घ्याव्यात आणि प्रत्येकीत वीस दाणे पेरावेत. एका कुंडीतील दाणे कोरडे, दुसरीतील चार तास भिजवलेले, तिसरीतील बारा तास भिजवलेले. माती, पाणी, ऊन आणि पेरणीची खोली मात्र तिन्हींस सारखीच. एक कुंडी खिडकीत आणि दुसरी कोपऱ्यातील अंधारात ठेवली, तर पुढे जो फरक दिसेल तो भिजवण्याचा की उन्हाचा, हे कोणासही सांगता येणार नाही. एका वेळी एकच बाब बदलावी, हा नियम मुलांस व्याख्येने पटत नाही. कुंडी चुकीच्या जागी ठेवलेली पाहिल्यावर लगेच पटतो.

नोंद रोज ठरलेल्या वेळी व्हावी आणि दिसेल तीच व्हावी. समजा, चौथ्या दिवशी कोरड्यांपैकी ११, चार तास भिजवलेल्यांपैकी १६ आणि बारा तास भिजवलेल्यांपैकी १७ दाणे उगवले. मुले घाईने म्हणतील की, जितके अधिक भिजवावे तितके बरे. येथे शिक्षकाने उत्तर न देता एवढेच विचारावे, ‘सोळा आणि सतरा यांतील एका दाण्याचा फरक भिजवण्याने पडला की तो एक दाणाच किडका होता?’ वर्गात वाद होईल, पुन्हा पेरणी करण्याची मागणी होईल, कोणी प्रत्येक कुंडीत पन्नास दाणे पेरू म्हणेल. हा वाद म्हणजेच चौथे कौशल्य होय. आपल्याच निष्कर्षाला आपणच अडवून उलटतपासणी करणे, हे त्याचे स्वरूप.

ही शिस्त केवळ विज्ञानाची नव्हे. गावाचे नाव कसे पडले, हे मुलांनी शोधावयाचे ठरवले, तर एक आजोबा एक कथा सांगतील, देवळातील शिलालेख दुसरेच काही सुचवील आणि जुन्या महसुली कागदात नावाचे तिसरेच रूप सापडेल. अशा वेळी सर्वांत गोड कथा उचलून निबंध लिहिणे सोपे असते. संशोधनाची रीत अशी की, तिन्ही नोंदी लिहाव्यात आणि प्रत्येकीपुढे तीन प्रश्न मांडावेत : हे कोणी सांगितले, केव्हा सांगितले, आणि त्याला ते कसे कळले? भूगोलाच्या तासाला गावातील पाच विहिरी निवडून दर महिन्याच्या एक तारखेस, कठड्यावरील ठरलेल्या खुणेपासून, दोरीला दगड बांधून पाण्याची खोली मोजता येते. दोन वर्षे ही नोंद चालली तर शाळेजवळ अशी माहिती जमते, जी कोणत्याही पाठ्यपुस्तकात नाही. पाणी केव्हा तळ गाठते, कोणती विहीर आधी आटते, हे आकड्यांनिशी सांगणाऱ्या मुलांचे म्हणणे ग्रामसभेतही ऐकले जाईल.

न जुळणाऱ्या नोंदीचे काय करावे, याचा एक थोर आदर्श महाराष्ट्रातच आहे. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने १९१९ मध्ये महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीचे काम हाती घेतले आणि ते १९६६ मध्ये पुरे झाले. देशाच्या निरनिराळ्या भागांतील, निरनिराळ्या लिपींतील १,२५९ हस्तलिखिते त्यासाठी विचारात घेतली गेली. या आवृत्तीचे पान उघडले तर वर विद्वानांनी निश्चित केलेला पाठ दिसतो आणि खाली बारीक टाइपात भिन्न पाठांची नोंद दिसते. स्वीकारला नाही तो पाठही त्यांनी पुसून टाकला नाही. उद्याच्या अभ्यासकास आपला निर्णय तपासता यावा, म्हणून त्यांनी पुरावा शिल्लक ठेवला. शाळकरी मुलाच्या वहीलाही हाच नियम लागू आहे. चुकलेला आकडा खोडरबराने पुसू नये. त्यावर एक रेघ मारून शेजारी कारण लिहावे.

अशा शिक्षणाचा प्रयोग साध्या सरकारी शाळांत होऊ शकतो काय, या शंकेला मध्य प्रदेशातील होशंगाबाद जिल्ह्याने, म्हणजे आजच्या नर्मदापुरमने, उत्तर दिले आहे. १९७२ मध्ये किशोर भारती आणि रसूलिया येथील फ्रेंड्स रूरल सेंटर या दोन संस्थांनी तेथील सोळा शाळांत सहावी ते आठवीच्या वर्गांसाठी विज्ञानशिक्षणाचा कार्यक्रम सुरू केला. दिल्ली विद्यापीठातील आणि मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतील शास्त्रज्ञ त्यात सहभागी झाले. १९७८ मध्ये हा कार्यक्रम जिल्ह्यातील या इयत्तांच्या सर्व शाळांत नेण्यात आला आणि १९८२ मध्ये ‘एकलव्य’ ही संस्था स्थापन होऊन तिने तो पुढे चालवला.

या कार्यक्रमाचे ‘बाल वैज्ञानिक’ हे पुस्तक नेहमीच्या पुस्तकांहून वेगळे होते. त्यात प्रयोग कसा करावा ते होते, प्रश्न होते. प्रयोगाचे तयार उत्तर मात्र नव्हते. ते मुलांनी टोळ्याटोळ्यांनी प्रयोग करून, चर्चा करून आपल्या वहीत लिहावयाचे होते. शिक्षकांची प्रशिक्षणे उन्हाळ्याच्या सुटीत होत आणि तेथे शिक्षक स्वतः ते प्रयोग करीत. वर्षभर मासिक बैठकींत अडचणींचा विचार होई. ‘सवालीराम’ या काल्पनिक पात्राच्या नावे मुले आपल्या शंका पत्राने पाठवीत आणि त्यांना उत्तरे जात. सर्वांत महत्त्वाचा बदल परीक्षेत झाला. पुस्तक आणि वही जवळ बाळगून मुले लेखी परीक्षा देत आणि प्रात्यक्षिक परीक्षाही होई. पुस्तक उघडे असल्यावर पाठांतराला किंमत उरत नाही. विचार करण्यालाच ती उरते. परीक्षा जे मागते तेच वर्गात शिकवले जाते, हे सत्य त्या मंडळींनी ओळखले होते.

पुढे राज्यातील इतर जिल्ह्यांतही पसरलेला हा कार्यक्रम २००२ मध्ये मध्य प्रदेश शासनाच्या निर्णयाने बंद झाला आणि तेथे राज्याची नेहमीची पाठ्यपुस्तके आली. तीस वर्षांच्या या इतिहासातून दोन्ही बोध घेता येतात. ग्रामीण शाळा, साधे साहित्य आणि सामान्य पगाराचा शिक्षक एवढ्या भांडवलावर हे काम उभे राहू शकते. परंतु शिक्षकांची तयारी, परीक्षेची पद्धत आणि शासनाचा आधार यांपैकी एक खांब ढळला तरी ते टिकत नाही.

या पद्धतीवरील आक्षेपही विचारात घ्यावयास हवेत. इंग्लंडमध्ये हेन्री आर्मस्ट्राँग या रसायनशास्त्रज्ञाने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस, विद्यार्थ्यास शोधकाच्या भूमिकेत ठेवून विज्ञान शिकवावे, असा आग्रह धरला. तेव्हापासून एक प्रश्न विचारला जात आहे : मानवजातीला जे शोधावयास शतके लागली, ते मुलाने चाळीस मिनिटांच्या तासिकेत पुन्हा कसे शोधावे? हा आक्षेप खरा आहे. सर्वच ज्ञान स्वतः शोधून मिळवावयाचे ठरवले, तर आयुष्य पुरणार नाही. बरेचसे ज्ञान वाचून आणि ऐकूनच घ्यावे लागते. म्हणून उपाय मधला आहे. वर्षातून दोन-तीन प्रश्नच घ्यावेत, पण ते शेवटपर्यंत न्यावेत. एक प्रश्न स्वतः तडीस नेलेल्या मुलाला पुस्तकातील इतर शंभर वाक्यांमागे केवढे श्रम असतील, याची जाण येते. आणि कोणत्या वाक्यामागे असे श्रम नाहीत, याचीही शंका त्याला येऊ लागते.

दुसरी अडचण शिक्षकाची. साठ मुलांच्या वर्गात साठ प्रश्न उठले तर त्यांतील कित्येकांची उत्तरे त्याला ठाऊक नसणार. आपल्याकडे गुरुजींना सर्व काही येते, अशी समजूत आहे आणि ती जपण्याच्या धडपडीत पुष्कळ प्रश्न वर्गातच दडपले जातात. ‘हे मला ठाऊक नाही, आपण पाहू या’, असे जो शिक्षक शांतपणे म्हणू शकतो, तो त्या एका वाक्यात संशोधनाचा पहिला धडा देऊन जातो. असे म्हणण्याने त्याचा मान कमी होत नाही, एवढी हमी मात्र मुख्याध्यापकाने, तपासनिसाने आणि पालकांनी त्याला द्यावयास हवी.

आज कोणत्याही प्रश्नाचे उत्तर हातातील फोनवर क्षणात मिळते. त्यामुळे शोधक बुद्धीची गरज संपली, असे कोणास वाटेल. प्रत्यक्षात ती वाढली आहे. उत्तरे दुर्मिळ होती तेव्हा ती मिळवणे हे कौशल्य होते. आता उत्तरांचा पूर आला असताना ती पारखणे हे कौशल्य आहे. अमुक औषधाने दहा जण बरे झाले, असा संदेश घरोघर पोहोचतो. औषध एकंदर किती जणांनी घेतले, न घेता किती जण बरे झाले आणि हे मोजले कोणी, असे विचारावयाचे त्यातील किती जणांना सुचते? हरभऱ्याच्या तीन कुंड्या ज्याने मांडल्या, त्याला ते सुचण्याचा संभव अधिक.

आपल्या राज्यघटनेत १९७६ मध्ये मूलभूत कर्तव्यांचा समावेश झाला. विज्ञाननिष्ठ दृष्टिकोनाबरोबर शोधक बुद्धी वाढवणे, हेही त्यांत प्रत्येक नागरिकाचे कर्तव्य म्हणून सांगितले आहे. कर्तव्य सांगावयाचे आणि ते पार पाडण्याचे शिक्षण मात्र द्यावयाचे नाही, हे न्यायाचे नव्हे. त्या शिक्षणास फार खर्च लागत नाही. काही कुंड्या, एक दोरी, एक वही, थोडा वेळ, आणि पुण्यातल्या मुलाने वहीत ९८ लिहिले तर त्याला ‘असे का झाले असेल?’ असे विचारणारा शिक्षक, एवढे मिळाले तरी आरंभ होऊ शकतो.