नजर हेही भांडवलच : चष्मा, लेन्स की शस्त्रक्रिया?

कापडाच्या धंद्यात नजर हे मोठे भांडवल आहे. थानावरील नंबर वाचणे, विणीतील दोष पकडणे, सुईत दोरा ओवणे हे सारे डोळ्यांवर चालते. तरीही कौंडण्यपूर, तिवसा, आर्वी भागात दिसेनासे झाले की "वय झाले" म्हणून मशीन बंद करणारे कारीगर आहेत. प्रत्येक दोषाचा इलाज वेगळा असतो, हे आपल्या व्यापारी बंधूंनी ओळखावे.

पहिली चाळिशी. डोळ्यातील नैसर्गिक भिंगाची लवचिकता कमी होते आणि जवळचे अंधुक दिसते. याला साधा चष्मा पुरतो. आसामच्या चहामळ्यात 40 वर्षांवरील मजुरांना असे चष्मे दिले, तेव्हा त्यांची पानतोडणी चष्मा न मिळालेल्यांपेक्षा सुमारे 22 टक्के अधिक वाढली. ही पाहणी 2018 साली प्रसिद्ध झाली. चष्म्याचा खर्च किती लवकर निघतो, याचा हिशेब व्यापाऱ्याला सांगायला नको.

दुसरा दूरचा नंबर. याला चष्मा, कॉन्टॅक्ट लेन्स किंवा लेसर असे तीन मार्ग आहेत. लेन्स लावताना हात स्वच्छ हवेत, ती नळाच्या पाण्याने धुऊ नये आणि रात्री काढून ठेवावी. रुई व धुळीत काम करणाऱ्याला ती त्रासाची ठरते. लॅसिक लेसरमध्ये बुबुळावरील पारदर्शक पडद्याची गोलाई बदलतात. त्यासाठी वय 18 च्या वर, नंबर स्थिर आणि पडदा पुरेसा जाड हवा. पुढे चाळिशीचा चष्मा मात्र लागू शकतो.

तिसरा मोतीबिंदू. थेंब, सुरमा वा चूर्णाने तो जात नाही. त्याला शस्त्रक्रियाच लागते. 1949 साली लंडनमध्ये हॅरॉल्ड रिडली यांनी प्रथम कृत्रिम भिंग बसविले. आज लहानशा छेदातून हे काम होते व रुग्ण बहुधा त्याच दिवशी घरी जातो. मोतीबिंदू "पिकण्याची" वाट पाहण्याची गरज नाही. 1976 पासून अंधत्व नियंत्रणाचा राष्ट्रीय कार्यक्रम चालू असून सरकारी रुग्णालयात ही शस्त्रक्रिया मोफत होते. नदीपलीकडे सेवाग्रामच्या कस्तुरबा रुग्णालयातही नेत्रविभाग आहे.

काचबिंदूने गेलेली नजर मात्र परत येत नाही. औषधाने वा शस्त्रक्रियेने उरलेली तेवढी राखता येते. साखरेचा आजार असणाऱ्यांनी तर वर्षातून एकदा पडदा तपासून घ्यावाच.

दरवर्षी आपण मालाची मोजदाद करतो. त्याच आठवड्यात स्वतःचे आणि दुकानातील कारीगरांचे डोळेही तपासून घ्यावेत.