चेंबूर नाका ते माहुलगाव

पाटीवर नाव आहे रामकृष्ण चेंबूरकर मार्ग. रिक्षावाले त्याला ‘आरसी मार्ग’ म्हणतात आणि जुने चेंबूरकर अजूनही ‘माहुल रोड’. लांबी जेमतेम पाच-सहा किलोमीटर. राज्य महामार्गाला असतो तसा क्रमांक त्याला नाही, आणि तो कुठल्या मोठ्या गावाला पोचतही नाही. समुद्र लागला की संपतो. पण गेल्या सत्तर वर्षांत देशाने तेल, खत आणि वीज यांच्या मागे जी धाव घेतली, तिचा केवढा तरी भाग याच रस्त्याच्या दोन्ही अंगांना उभा आहे. त्याच्या टोकाला असलेलं गाव मात्र या सगळ्याच्या आधीपासूनचं.

माहुल हे जुन्या तुर्भे (ट्रॉम्बे) बेटाच्या काठावरचं कोळी-आगऱ्यांचं गाव. समोर खाडी, पलीकडे शिवडी, मध्ये ओहोटीला उघडा पडणारा मैलभर चिखल. मागे तुर्भ्याची टेकडी. रेल्वे आली तीही चेंबूरच्या बाजूने. कुर्ला-चेंबूर फाटा 1906 साली पडला तो शहराचा कचरा वाहून न्यायला. प्रवासी गाडी धावायला 1924 उजाडलं. पुढे 1928 मध्ये अंधेरी ते तुर्भे अशीही एक रेल्वे सुरू झाली होती, हे आज कुणाला सांगितलं तर खरं वाटत नाही. सहा वर्षांत ती बंद पडली. माहुलला यातलं काहीच मिळालं नाही. गावाला होडी होती आणि चेंबूरच्या बाजारापर्यंत डोक्यावर पाटी घेऊन चालायची वाट.

त्या वाटेचा रस्ता कसा झाला, याचं उत्तर शोधायला थेट इराणला जावं लागतं. 1951 साली इराणने आपला तेलउद्योग सरकारच्या ताब्यात घेतला आणि अबादानची अवाढव्य रिफायनरी ठप्प झाली. भारताला तयार तेल मोठ्या प्रमाणावर तिथूनच येत असे. आपल्या किनाऱ्यावर रिफायनरी हवी, ही निकड दिल्लीला त्या वर्षी चांगलीच जाणवली, आणि परदेशी कंपन्यांशी करार झाले. जागा ठरली ती तुर्भे-माहुलची. इथून समोरच्या बुचर बेटापाशी, म्हणजे आजच्या जवाहर द्वीपापाशी, तेलाची जहाजं लागू शकत होती. पीरपावचा तेलाचा धक्का तर 1923 पासूनच होता. शहर हाकेच्या अंतरावर, तरी वस्ती विरळ. वस्ती विरळ असणं म्हणजे वस्ती नसणं नव्हे, एवढं मात्र तेव्हा कुणाच्या हिशेबात आलेलं दिसत नाही.

1954 मध्ये स्टॅनव्हॅकची रिफायनरी सुरू झाली आणि 1955 च्या जानेवारीत बर्मा शेलची. 1956 मध्ये टाटांचं औष्णिक वीजकेंद्र आलं. त्याच वर्षी टेकडीपलीकडे ‘अप्सरा’ ही अणुभट्टी कार्यान्वित झाली. 1965 मध्ये खत कारखाना आला. दहा-अकरा वर्षांत एवढं सगळं! पुढे मालक बदलले. 1974 मध्ये स्टॅनव्हॅकची ती रिफायनरी हिंदुस्थान पेट्रोलियमची झाली, 1976 मध्ये बर्मा शेल सरकारकडे आली आणि पुढल्या वर्षी तिचं भारत पेट्रोलियम झालं. 1978 मध्ये खत कारखान्याचं आरसीएफ झालं. त्याच सुमारास बॉम्बे हायचं तेल उरणहून नळाने इथे येऊ लागलं.

आज या रस्त्याने निघालात की पहिला मोठा थांबा वाशी नाका. नवी मुंबईच्या वाशीशी याची गल्लत करू नका. डोक्यावर मोनोरेलचे खांब आणि तुळया. स्थानकांची नावं वाचली तरी रस्त्याचा इतिहास कळतो: फर्टिलायझर टाउनशिप, भारत पेट्रोलियम, म्हैसूर कॉलनी. ही मोनो फेब्रुवारी 2014 मध्ये सुरू झाली. सप्टेंबर 2025 मध्ये ती सुधारणेसाठी थांबवण्यात आली. खाली टँकरची रांग. ड्रायव्हर टँकरच्या सावलीत स्टोव्ह पेटवू शकत नाहीत, म्हणून टपऱ्यांवर गर्दी. भिंतीच्या कडेने जाडजूड नळ, त्यावरून ठिकठिकाणी ओघळलेला गंज. आणि वास. कधी गॅससारखा, कधी अमोनियाचा, कधी नुसताच घसा खवखवणारा.

या रस्त्याच्या टोकाशी अलीकडे शहराने आणखी एक गोष्ट आणून ठेवली: माणसं. प्रकल्पग्रस्तांसाठी 72 इमारती, 17,205 घरं. तानसा जलवाहिनीलगतच्या झोपड्या तोडल्यावर 2017 पासून कुटुंबांना इथे धाडण्यात आलं. त्याआधीच, डिसेंबर 2015 मध्ये, माहुल-अंबापाड्याच्या रहिवाशांच्या तक्रारीवर राष्ट्रीय हरित लवादाने इथली हवा आरोग्याला धोक्याची असल्याचं नोंदवलं होतं. ते माहीत असताना माणसं इथे आणली, ही गोष्ट मला अक्षम्य वाटते. ऑगस्ट 2018 मध्ये भारत पेट्रोलियमच्या रिफायनरीत स्फोट झाला, चाळीसहून अधिक कामगार जखमी झाले. सप्टेंबर 2019 मध्ये उच्च न्यायालयाने सांगितलं, या कुटुंबांना दुसरीकडे घरं द्या, नाहीतर दरमहा 15,000 रुपये भाडं आणि 45,000 अनामत द्या. ऑगस्ट 2020 मध्ये लवादाने चार कंपन्यांवर मिळून सुमारे 286 कोटींची भरपाई बसवली आणि वाद सर्वोच्च न्यायालयात गेला.

इमारती मागे टाकून गावात शिरलं की रस्ता एकदम अरुंद होतो. दारापुढे तुळशीवृंदावन, ओट्यावर वाळत घातलेलं जाळं, गल्लीच्या तोंडाशी बंदर. ओहोटीला होड्या चिखलात कलंडून पडलेल्या असतात. या चिखलातली निवटी, चिंबोरी, कोळंबी यांवर गाव जगत आलं. चेंबूरचं नावच चिंबोरीवरून पडलं असं लोक सांगतात.

त्याच चिखलात थंडीत रोहित पक्षी उतरतात. ते पाहायला मुंबईभरातून माणसं येतात आणि बहुतेक जण शिवडीच्या बाजूनेच पाहून परततात. यंदा माहुलच्या बाजूने या. भरतीचं वेळापत्रक आधी पाहा, पाणी चढू लागलं की पक्षी काठाजवळ सरकतात. आणि बस चेंबूर नाक्यावरच धरा, म्हणजे हा रस्ता पहिल्यापासून शेवटपर्यंत दिसेल.